माझ्या काल्पनिक मुंबईत आवाज मुरतात : नियम तपासून द्या

सातवा फलाट

नमस्कार मंडळी. आजवर नुसती वाचत होते, धागा पहिल्यांदाच काढतेय. सांभाळून घ्या.

एका काल्पनिक मुंबईवर लिहायला घेतलंय. लोकल, पागडी, पाणीकपात, सगळं आपलंच. फरक एवढाच की तिथे झालेला आवाज विरून जात नाही, जवळच्या दगडात मुरतो. उन्हाळाभर दगड आवाज पितो आणि जूनच्या पहिल्या सरी पडल्या की ओल्या भिंतींतून मागचे आवाज सुटायला लागतात. कधी गेल्या वर्षीचे, कधी शंभर वर्षांपूर्वीचे. गणपतीपर्यंत हा हंगाम चालतो, मग भिंती सुकतात. तिथल्या लोकांना याचं काही नवल नाही. छत्र्या विकणाराच कानात घालायचा कापूस विकतो.

आतापर्यंत एवढं ठरलंय: काळा दगड सगळ्यात जास्त धरतो, वीट थोडंफार, लाकूड जेमतेम एक पिढी, सिमेंट काहीच नाही. आवाज दिवसाच्या ज्या वेळी झाला त्याच वेळी परत ऐकू येतो. सकाळी सातची हाक सकाळी सातलाच. माझी नायिका पालिकेच्या श्रवण खात्यात कारकून आहे. भिंतीला कान लावायचा आणि नोंदवहीत उतरवायचं, हे तिचं काम.

कुठल्या जागी काय ऐकू येईल ते सुचवा. आणि नियमांत भोकं असतील तर मोकळेपणाने दाखवा.

मिठागर

मी पयला!

पागडीच्या खोलीतून भाडेकरू गेला तरी त्याचा आवाज आत. मग ताबा कोणाकडे म्हणायचा? मालक डोकं फोडून घेईल.

चुनाभट्टी

जुन्या इमारतींच्या डागडुजीचं काम करतो, म्हणून दगडाबद्दल बोलतो. मुंबईत सगळा दगड एकाच जातीचा नाही. काळा बेसाल्ट आपल्या पायाखालचा. फोर्टातल्या देखण्या इमारतींना मात्र पिवळसर दगड बराच. राजाबाई टॉवर (१८७८ साली पुरा झाला, २८० फूट) कुर्ल्याच्या दगडाचा. मालाडचा दगडही पिवळ्या छटेचा. नक्षीकामाला पोरबंदरचा, तो चुनखडीचा, मऊ आणि कोरायला सोपा.

आता तुमच्या जगात पाणी शिरलं की आवाज सुटतो ना? मग ज्या दगडाला छिद्रं जास्त तो लवकर बोलेल आणि लवकर रिकामाही होईल. पोरबंदरी नक्षी पहिल्या आठवड्यातच सगळं ओकून मोकळी. बेसाल्ट घट्ट. त्याच्या पोटापर्यंत ओल जायला ऑगस्ट उजाडेल. म्हणजे हंगामाच्या सुरुवातीला नवे आवाज, शेवटी जुने, असा क्रम आपोआप लागतो. हे वापरा.

आणखी एक. बेसाल्ट म्हणजे थिजलेला लाव्हा, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. अंधेरीच्या गिल्बर्ट हिलचे उभे खांब पाहिलेत का? लाव्हा थंड होताना आकसला, त्याला तडे गेले, त्यातून ते खांब झाले. तुमच्या नियमाने त्या दगडातला सगळ्यात पहिला आवाज त्याच्या स्वतःच्या तडकण्याचा. त्या बाजूला कोणी ब्लॉक घेत असेल तर दलालाने आधी सांगावं हे बरं.

डेसिबलदादा

डबिंग स्टुडिओत नोकरी करतो, त्यामुळे हिशेब केल्याशिवाय राहवत नाही.

आधी दिलासा. माणूस साधं बोलतो तेव्हा त्याच्या तोंडून निघणारी ध्वनिशक्ती एका वॅटचा साधारण एक लाखावा भाग. २०११ च्या जनगणनेत मुंबई सव्वा कोटीच्या घरात होती. सगळी मुंबई एकदम बोलायला लागली तरी झाले १२५ वॅट. छताचे दोन पंखे जेमतेम फिरतील. खऱ्या जगात ही शक्ती भिंती, कपडे, हवा यांत जिरते आणि तिची उष्णता होते, पण इतकी थोडी की कोणाला जाणवतही नाही. तेव्हा दगडाला साठवायला जड जाऊ नये.

अडचण पुढे आहे. सगळे आवाज त्याच वेळी परत सोडायचे म्हटले की बेरीज होते. गिरणीचा सकाळी सातचा भोंगा घ्या. शंभर वर्षांत सुट्या वजा करून तीस हजार वेळा झाला असं धरू. दगडाने त्यातला प्रत्येक भोंगा अगदी कुजबुजीइतका, ३० डेसिबलने परत दिला. डेसिबल साध्या बेरजेने वाढत नाहीत. आवाज दहापट झाले की १० ची भर, शंभरपटीला २०, तीस हजारपटीला सुमारे ४५. तीस आणि पंचेचाळीस, पंच्याहत्तर. भर रहदारीच्या रस्त्यावर उभं राहावं तसं, दर सकाळी सातला. त्याच सातला कोण्या आईने एकदाच मारलेली हाक मात्र ३० वरच. ती नायिकेला सापडणार कशी?

तुमच्या जगात रोज घडणारं सगळं वरचढ होतंय आणि एकदाच घडलेलं गाडलं जातंय. काहीतरी विसरण्याची सोय करा, नाहीतर बाई पहिल्या पावसातच बहिरी.

मिठागर

दोन पंखे?! सव्वा कोटी लोकांची बडबड, आणि निघाले दोन पंखे. आमच्या सोसायटीच्या वार्षिक सभेत वाचून दाखवणार आहे हे.

शिवडीकर

ताई, भोंग्याचं निघालं म्हणून लिहितो. माझे वडील गिरणीत साचाखात्यात, म्हणजे कापड विणायच्या मागांवर होते. आमच्याकडे भोंगा हेच घड्याळ होतं, आईचा डबा भोंग्यावर भरला जायचा. प्रत्येक गिरणीचा भोंगा वेगळा. कुठला झाला ते अंथरुणात पडल्या पडल्या कळायचं. तेव्हा दादांनी धरलाय तो एक भोंगा. लालबाग-परळात त्या वेळी एकामागून एक किती व्हायचे.

पण मला खात्याच्या आतलं सांगायचंय. एका छपराखाली शेकडो साचे, आणि प्रत्येकावर धोटा इकडून तिकडे आपटतोय. शंभर डेसिबलच्या आसपास असतो म्हणतात तो आवाज. आत कोणी कोणाशी बोलूच शकत नसे. हाताच्या खुणा आणि ओठांची हालचाल, यावर काम. वडिलांचे कान गेलेच त्यात. घरीसुद्धा आम्ही त्यांच्या समोर जाऊन, ओठ दिसतील असं बोलायचो. मागून हाक मारून उपयोग नसायचा.

आता तुमच्या मुंबईतली गिरणीची भिंत काय देईल? वारसदार येतील, ओल्या भिंतीला कान लावतील, आणि त्यांना धोटे ऐकू येतील. माणसं तिथे बोललीच नाहीत. ती बोलली नाक्यावर, खानावळीत, गाळ्यात, शनिवारच्या भजनात. आणि आमच्या चाळी म्हणजे सागवानी खांब, लाकडी जिने, लाकडी गॅलऱ्या. तुमचं लाकूड एक पिढी धरणार. मालकाच्या हापिसातली घंटा दगडात कायमची आणि कामगार काय बोलला ते चाळीबरोबर गेलं. हे मुद्दाम केलंत का?

सातवा फलाट

काका, नियम करताना डोक्यात फक्त दगडांचे गुणधर्म होते. पण आता तो तसाच ठेवणार आहे. गोष्ट यावरच उभी राहते की काय असं वाटायला लागलंय.

विचारू का एक? गिरण्या बंद पडल्यानंतर त्या भिंतींचं काय व्हावं?

शिवडीकर

१८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार. तो संप कोणी रीतसर मागे घेतलाच नाही. तुमच्या जगात भिंतींना त्याची काय खबर? दर पावसाळ्यात सातला भोंगा होणारच, फाटकाला कुलूप असलं तरी. आता तिथे जे काही उभं राहिलंय, त्याच्या एसीच्या कॅफेत बसून लोक तो भोंगा ऐकतायत. व्यवस्थापनाने बाहेर पाटीही लावली असेल, ‘वारसा ध्वनी, सकाळी ७’.

पावणेसात

धागा वाचून कान टवकारले, कारण माझा आवडता विषय मध्येच निसटून चाललाय. सातची हाक सातला म्हणताय. कुठल्या सातला?

भारतीय प्रमाणवेळ आली १ जानेवारी १९०६ ला. मुंबईची स्वतःची वेळ तिच्या ३९ मिनिटं मागे, आणि मुंबईने ती सुखासुखी सोडली नाही. पालिकेने १९५५ पर्यंत धरून ठेवली होती. प्रमाणवेळ येण्याआधी रेल्वेचं आणखी निराळं: गाड्या मद्रासच्या वेळेवर धावायच्या, म्हणजे आजच्या घड्याळाच्या ९ मिनिटं मागे. आणि युद्धात, १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५, सरकारने घड्याळं तासभर पुढे केली होती.

दगडाला सूर्य कळतो, सरकारी परिपत्रक कळत नाही. मग मुंबईच्या वेळेने दुपारी बाराला पडलेले टोले आज १२ वाजून ३९ मिनिटांनी ऐकू येतील. बोरीबंदरला १९०० साली बाराच्या गाडीची घंटा झाली असेल तर ती १२ वाजून ९ मिनिटांनी. युद्धाच्या वेळेवर चालणाऱ्या घड्याळाचे बारा सकाळी ११ वाजता. तुमची नायिका टोल्यांवरून दशक ओळखेल. एखादा आवाज कधीचा याचा वाद कोर्टात गेला, तर तिला घड्याळाचे टोले आणि शेजारचं बोलणं यांतलं अंतर मोजायला लावा.

सातवा फलाट

पावणेसात, हे मी उचलतेय. एक अख्खं प्रकरण तुमच्या नावावर.

अबोली

कोर्टाचा उल्लेख झालाच आहे तर पटकन. भिंतीतून आलेलं बोलणं पुरावा म्हणून चालेल का, यावर तुमच्या मुंबईत पिढ्यान्‌पिढ्या वकिलांची घरं चालली असती. आपल्याकडे इलेक्ट्रॉनिक नोंद द्यायची तर प्रमाणपत्र लागतं. आधी १८७२ च्या कायद्यातलं कलम ६५-ब होतं, १ जुलै २०२४ पासून नव्या साक्ष अधिनियमातलं ६३. दगडाचं प्रमाणपत्र कोण देणार? श्रवण खात्याचा कारकून! म्हणजे तुमची नायिका वाटते तेवढी क्षुल्लक नाही. तिच्या सहीसाठी लोक पाकिटं घेऊन उभे असतील.

दुसरं, २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांत निवासी भागाला दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा आहे. १९५० सालच्या वरातीचा बँड आज रात्री अकराला सुटला तर गुन्हा कोणावर नोंदवायचा? नवरदेव हयात असला तर?

मिठागर

नवरदेव हयात असला तर त्याला तो बँड ऐकवणं हीच शिक्षा.

कोळंबी

सगळे फोर्ट, परळ, अंधेरी करतायत. कोळीवाडे कुठल्या नकाशात आहेत? आमच्याकडे किनाऱ्याचे खडक आहेत की, काळेच. पण दादांचा हिशेब लावला तर त्यांत फक्त लाटा. दिवसरात्र तेच. त्याखाली बायका मासळी वाळत घालताना काय बोलल्या, होड्या येताना कोणी कोणाला हाळी दिली, सगळं बुडालेलं. आणि जिथे भराव घातला तिथे ते खडकसुद्धा जमिनीखाली गेले. त्यांना पावसाची ओल पोहोचते का? पोहोचत असेल तर नरिमन पॉइंटच्या तळघरातल्या पार्किंगमध्ये लाटांचा आवाज यायला पाहिजे. वॉचमनला तो रोजचा झालेला असेल. नव्या माणसाला मात्र वाटेल पाणी शिरलं.

मरीन ड्राइव्हवरचे ते त्रिकोणी-चौकोनी ठोकळे सिमेंटचे, ते तुमच्या नियमाने मुके. तिथे बसून जेवढी प्रेमप्रकरणं झाली ती वाचली म्हणायची.

अजून एक घ्या. ३१ डिसेंबरला रात्री बाराच्या ठोक्याला बंदरातली जहाजं भोंगे देतात, ते दरवर्षी ऐकतो. तुमच्याकडे ते जूनपासून रोज मध्यरात्री सुटणार. भर पावसात नवीन वर्ष.

डेसिबलदादा

कोळंबी, पार्किंगमधल्या लाटा भारीच.

विसरण्याच्या नियमासाठी माझा प्रस्ताव: तोच तोच आवाज पुन्हा आला की दगड नवा साठवत नाही, जुन्यावरच बसवतो. भोंगा तीस हजार वेळा झाला तरी आत एकच. लाटाही एकच. मग वेगळं, एकदाच झालेलं वर येतं आणि नायिकेला काम मिळतं.

शिवडीकर

दादा, हे मला पटत नाही. माझी आई रोज संध्याकाळी गॅलरीत उभी राहून खाली खेळणाऱ्या आम्हा पोरांना हाक मारायची. रोज तीच. तुमच्या नियमाने ती एकदाच राहणार, आणि कोणी एकदा जिन्यात शिवी हासडली ती तिच्या बरोबरीने? रोजचं तेच तर माणूस असतं. ते काढून टाकून वेगळं तेवढं ठेवायचं हा वर्तमानपत्राचा धंदा झाला.

डेसिबलदादा

काका, मुद्दा मान्य. थोडं तांत्रिक सांगतो, कदाचित तुमच्या बाजूचंच निघेल.

गोंगाटात बुडालेला एखादा बारीक आवाज शोधायचा तर आम्ही काय करतो? तोच आवाज पुन्हा पुन्हा झालेला असेल तर सगळ्या नोंदी एकावर एक नेमक्या बसवून सरासरी काढतो. जे दर वेळी सारखं असतं ते ठळक होतं. जे दर वेळी वेगळं, म्हणजे आजूबाजूचा गोंगाट, ते एकमेकांना खोडून काढतं. शंभर नोंदी असतील तर आवाज गोंगाटाच्या तुलनेत दहापट उठून दिसतो. वैद्यकीय चाचण्यांमध्ये मेंदूचे क्षीण संकेत याच पद्धतीने टिपतात.

तर दगडाने नुसती बेरीज करण्याऐवजी असं बसवत बसवत साठवलं तर रोजची हाक गडप होणार नाही, उलट ठळक होईल. फक्त एक अडचण आहे. माणूस दोन दिवस हुबेहूब तशीच हाक मारत नाही. कधी घाई, कधी राग, कधी घसा बसलेला. ते सगळे फरक पुसले जातील. शब्दांच्या कडाही झिजतील, कारण त्या दर वेळी अंमळ मागेपुढे होतात. शिल्लक राहील तो हेल. आवाज कुठे चढतो, कुठे लांबतो, कुठे तोडतो. नाव ऐकू येणार नाही, पण कोणाची आई ते कळेल.

कोळंबी

आमच्याकडे मासळी विकणाऱ्या बायकांचं तसंच आहे. लांबून शब्द एकही कळत नाही, पण कोण आली ते आख्ख्या गल्लीला कळतं.

चुनाभट्टी

कल्हईवालाही. ‘कल्हई लावाय’ यातलं ‘कल्हई’ आम्हाला कधीच ऐकू आलं नाही, नुसता शेवटचा लांबलेला आकार. आणि पिंजाऱ्याच्या धनुकलीचा टणत्कार, त्याला तर शब्दच नव्हते.

शिवडीकर

मग ठीक. हेल राहात असेल तर माझी हरकत नाही.

सातवा फलाट

थांबा थांबा, मी वही घेऊन बसलेय.

दादा, उलट बाजू सांगा. एकदाच झालेला पण प्रचंड आवाज असेल तर? म्हणजे गोदीचा स्फोट.

चुनाभट्टी

तो आल्याशिवाय मुंबईवरचं काहीही पुरं होत नाही. १४ एप्रिल १९४४, व्हिक्टोरिया गोदी, फोर्ट स्टिकाइन जहाज. एकाच जहाजात कापसाच्या गासड्या, दारूगोळा आणि सोन्याच्या विटा. दुपारी चारनंतर अर्ध्या तासाच्या अंतराने दोन स्फोट. पार सिमल्याच्या भूकंपमापकावर नोंद झाली म्हणतात. आग विझवायला गेलेले ६६ जवान गेले. १४ एप्रिलपासूनचा अग्निशमन सप्ताह त्यांच्याच आठवणीसाठी.

माझी सूचना: तो आवाज परत सोडूच नका. दगडाची धरण्याची एक हद्द असेल. त्यापलीकडचा आवाज आला की दगड तो साठवत नाही, त्याच्या आतलं सगळं कोरं होतं. म्हणजे गोदीच्या आसपासच्या जुन्या भिंतींत १९४४ च्या एप्रिलआधीचं काहीच नाही. मशीद बंदरच्या बाजूला नायिका एकेक भिंत तपासत चालली आहे आणि एका ठराविक गल्लीनंतर अचानक जुने आवाज सुरू होतात. कोऱ्या झालेल्या भागाची हद्द तिला अशीच आखता येईल. स्फोटाचा आवाज पुस्तकात एकदाही नको.

पावणेसात

वा. शिवाय वेळेनेही जुळतं. एप्रिल १९४४ म्हणजे युद्धाची वेळ चालू असताना. कोऱ्या भागातले सगळ्यात जुने टोले तासाने सरकलेले असणार. तिला तारीख शोधायला दप्तरात जायची गरजच नाही.

डेसिबलदादा

अवांतर: आवाज टिकतात ही कल्पना नवी नाही. गणकयंत्रवाले चार्ल्स बॅबेज यांनी १८३७ मध्ये गंभीरपणे लिहिलंय की बोललेला प्रत्येक शब्द हवेच्या कणांच्या हालचालीत कायमचा राहतो. तत्त्वतः ठीक, पण उष्णतेने कण आपोआप इतके धडपडत असतात की त्यातून तो शब्द वेगळा काढणं कोणाच्या बापाला जमायचं नाही.

खरोखर टिकलेल्या आवाजाची गंमत ऐका. स्कॉट द मार्टिनव्हिल नावाच्या फ्रेंच माणसाने १८६० मध्ये काजळी धरलेल्या कागदावर एका गाण्याच्या लहरी उमटवल्या. ऐकायची सोय त्याच्याकडे नव्हती, त्याला फक्त बघायच्या होत्या. २००८ मध्ये संशोधकांनी संगणकाने त्या वाजवल्या. आधी सगळ्यांना वाटलं मुलगी गातेय. नंतर लक्षात आलं की वेग दुप्पट लागलाय. गाणारा पुरुष होता, बहुधा तो स्वतःच. तुमच्या नायिकेला एखादी भिंत अशी चकवू दे. जोराच्या पावसात आवाज भरभर सुटतो, रिमझिमीत सावकाश, असं ठेवा. मुसळधार पावसात आजोबा पोरीच्या आवाजात बोलतील.

अबोली

आणि बोलणारा कोण हे कसं ओळखायचं? गौहर जान यांनी १९०२ मध्ये कलकत्त्याला तबकड्या भरल्या, तेव्हा गाणं संपलं की त्या इंग्रजीत स्वतःचं नाव सांगायच्या. तबकड्या छापल्या जायच्या जर्मनीत, तिथल्या कामगाराला कोणतं गाणं कोणाचं ते कळावं म्हणून. तुमच्या मुंबईत पैसेवाल्यांना ही सवय लागलेली असेल. महत्त्वाचं काही बोलले की शेवटी नाव, आडनाव, पत्ता. जेवणाच्या टेबलावरसुद्धा. गरीब माणूस बोलून मोकळा होतो, म्हणून श्रवण खात्याच्या वहीत त्याच्या नावापुढे ‘अनोळखी’.

मिठागर

आमचे एक काका आताच तसं करतात. फोन उचलला की आधी हुद्दा, मग निवृत्तीचं साल, मग हॅलो.

सातवा फलाट

सगळं वाचून गोष्टीचा सांगाडा बदलतेय. नायिका ऑफिसात बसणार नाही. तिची बदली लालबागमध्ये, पाडायला काढलेल्या एका चाळीवर. तिथे कायदा असा की कोणतीही जुनी इमारत पाडण्याआधी एक अख्खा पावसाळा मोकळी ठेवायची. लाकडा-विटांतून काय निघायचं ते निघू द्यायचं, खात्याने नोंदवायचं, मगच हातोडा. भाडेकरू मार्चमध्ये बाहेर पडलेत. बिल्डरला मेमध्ये पाडायचंय, कारण चार महिने थांबायचं म्हणजे चार महिन्यांचं भाडं आणि कर्जाचं व्याज.

कसं वाटतंय?

मिठागर

बिल्डर टँकर मागवेल.

मेमध्ये चार टँकर लावून चाळ धुवायची, फोटो काढायचे, ‘पावसाळा संपन्न’ म्हणून अहवाल द्यायचा. वॉर्डात ओळख असली की झालं. तुम्ही मुंबईचीच गोष्ट लिहिताय ना?

अबोली

पंचनाम्यात भिंत ओली असल्याचं लिहिलं की पुरे. पाणी कुठलं हा रकानाच नसणार. दोन पंच रोजचेच.

चुनाभट्टी

टँकरचं पाणी वरवरचं, दोन दिवसांच्या उन्हात सुकेल. आतपर्यंत ओल जायला महिने लागतात हे वर लिहिलंच आहे. मग सुटेल फक्त वरच्या थरातलं, म्हणजे अगदी अलीकडचं. चाळीतले लोक कोणाशी अलीकडे सगळ्यात जास्त बोलले असतील? बिल्डरच्या माणसाशी. करारावर सह्या करताना त्याने कोणाला काय कबूल केलं, कोणाला काय दम दिला, ते सगळं मेच्या रणरणत्या दुपारी, पंचांच्या देखत.

सातवा फलाट

टँकर घेतला! मिठागर आणि चुनाभट्टी, प्रकरण सातवं तुमचं. पण नायिकेने ते वहीत लिहावं की नाही, यावर ती एक रात्र घालवणार. तिच्या सहीची किंमत अबोलीने आधीच ठरवून ठेवलीये.

शिवडीकर

लिहू दे तिला. आणि एक विसरू नका. चाळीतली माणसं मार्चमध्ये बाहेर पडली ती संक्रमण शिबिरात गेली असणार. ते सिमेंटचं. आमच्या ओळखीची घरं आहेत, दोन-तीन वर्षांत परत येऊ म्हणून गेली आणि पोरांची लग्नं तिथेच लागली. तुमच्या नियमाने त्या सगळ्या वर्षांचं कुठेच काही उरणार नाही. ना भांडण, ना बारसं. श्रवण खात्याचा माणूस तिथे कधी पाठवतच नाहीत, कारण ऐकायला काही नाही असं वहीत आधीच लिहिलेलं. नायिकेला एकदा तिकडे न्या.

सातवा फलाट

नेते. पण काका, तिथे ती करेल काय? सिमेंट काहीच धरत नाही.

शिवडीकर

दारं लाकडी असतात.